गावात खून झाला, दोन्ही घरं आपलीच. पुढच्या वर्षी लक्ष्मी यात्रा आहे. गावानं काय करायचं?

शिवारवाट

बेळगाव तालुक्याच्या पश्चिम भागातलं आमचं गाव. तीनशेच्या आसपास उंबरे, भात आणि रताळी, निम्मी पोरं उद्यमबागच्या फौंड्र्यांत नाहीतर गोव्याला कामाला. गावाचं नाव लिहीत नाही. ज्यांना कळेल त्यांनीही लिहू नये ही हात जोडून विनंती, कारण दोन्ही घरांतली पोरं मोबाइल वाचतात.

गेल्या सुगीत मळणीच्या दिवशी बांधावरून चुलत्या-पुतण्यात बोलाचाली झाली. असली बोलाचाली त्यांच्यात दर सुगीला व्हायची आणि संध्याकाळी दोघं एकाच ट्रॉलीत बसून घरी यायचे. त्या दिवशी चुलत्याच्या हातात कोयता होता. पुतण्या दवाखान्यात पोचायच्या आत गेला. पैऱ्याला, म्हणजे एकमेकांच्या शेतात आळीपाळीनं राबायला, आलेली सगळी माणसं तिथंच उभी होती. चुलता आणि त्याचा थोरला मुलगा आता हिंडलग्याच्या जेलमध्ये आहेत.

गेलेला आमच्या भजनी मंडळात पखवाज वाजवायचा. चुलता पारायणाचा वीणेकरी. दोन्ही घरांची भिंत एक, परड्यातली विहीर एक.

आता गावाची अवस्था अशी आहे. विहिरीवर बायकांनी कुणी न सांगता वेळा वाटून घेतल्यात. दूध डेअरीवर एक घर अर्धा तास आधी येतं. पैरा मोडला, कारण एकाच्या शेतात गेलं की दुसऱ्याला वाटतं हा त्यांच्यातला. काकडारतीला मोजकी चार म्हातारी माणसं. मेलेल्याचा मुलगा आणि आरोपीचा नातू पाचवीत एकाच बाकावर बसायचे. गुरुजींनी भल्यासाठीच एकाला उठवून दुसरीकडे बसवलं. आता दोघंही एकटेच बसतात.

थोरली माणसं म्हणतात, विषय काढायचा नाही. पंच म्हणतात, बऱ्याच वर्षांनी लक्ष्मी यात्रा आलीय, त्याच्या आत दोन्ही घरं देवळात बसवून मिटवून टाकू. मला दोन्ही पटत नाही आणि तिसरं काही सुचत नाही. तुमच्या गावात असं झालं असेल तर पुढं गाव कसं चाललं, तेवढं सांगा.

मलप्रभाकाठ

वाचून घास गिळेना. खानापूर तालुक्यात आमच्याकडंही बांधावरून डोकी फुटलीत, पण जीव गेला नव्हता. पुतण्याच्या घरी आता कर्ता कोण आहे?

शिवारवाट

@मलप्रभाकाठ, त्याची बायको आणि म्हातारी आई. बायको रोजगार हमीवर जाते. आरोपीच्या घरी धाकटा मुलगा आहे, त्यानं फौंड्रीतली नोकरी सोडलीय, दिवसभर माळ्यावर बसून असतो म्हणतात.

उद्यमबागी

काय बोलूलाय ओ तुम्ही? दोन्ही घरं आपलीच कशी? एका घरानं माणूस मारला, दुसऱ्या घरातला गेला. बरोबरी कशी होईल? माझं मत स्पष्ट आहे, मारणाऱ्याच्या घराशी गावानं देणंघेणं बंद करावं. डेअरीनं दूध घेऊ नये, यात्रेची पट्टी (वर्गणी) घेऊ नये. नाहीतर उद्या कुणीपण कोयता काढेल.

माहेरवाशीण

उद्यमबागी दादा, तुमचा राग कळतो. पण मी माझ्या माहेरचं सांगते, मग बोला.

माझ्या लहानपणी आमच्या गावात गणपती विसर्जनाच्या मिरवणुकीत एका पोराला भोसकलं. मारणारा आणि मेलेला एकाच तालमीचे. एकाच आखाड्यात माती घेतलेली पोरं. गावानं तुम्ही म्हणता तसंच केलं, त्या घराचं बोलणं बंद केलं. पहिलं वर्ष सगळ्यांना बरं वाटलं. नंतर काय झालं बघा. मारणाऱ्याचे मामा गावातलेच, त्यांनी त्या घराला तांदूळ दिले म्हणून मामांचं बोलणं बंद. मामांची मुलगी ज्या घरात दिलेली, त्या घराला विचारणा. तीन-चार वर्षांत कुणाचं कुणाशी बंद आहे हे लक्षात ठेवावं लागायचं. लग्नाच्या पंगती दोन. गणपती दोन. आमच्या मराठी शाळेचा पट कमी झाला तेव्हा शाळा वाचवायला एकत्र यायला हवं होतं, तर एक गट आला म्हणून दुसरा आला नाही.

आणि ज्याचा जीव गेला त्याच्या आईला यातून काय मिळालं? काहीच नाही. तिच्या दारात कुणी जायचं नाही, कारण गेलं की रडते आणि मग काय बोलावं कळत नाही. ज्या गावानं तिच्यासाठी म्हणून दुसऱ्या घराला वाळीत टाकलं, ते गाव तिच्या ओसरीवर येऊन बसत नव्हतं.

एक माझी काकू जायची. रोज दुपारी, हातातलं काम घेऊन. कधी रताळी सोलत, कधी शेंगा फोडत. काही विचारायची नाही. ती म्हातारी कधी बोलायची, कधी नाही. पुढं पुढं तिनं मुलाचं नाव घेऊन गोष्टी सांगायला सुरुवात केली, तो लहानपणी कसा होता, काय खायचा. काकू सांगायची, ज्या दिवशी ती हसली त्या दिवशी मी घरी येऊन रडले.

निपाणीकर

माहेरवाशीण ताई, काकूंना नमस्कार सांगा.

जुना तालीमवाला

थोडं मागचं सांगतो, विषयाशी लागून आहे.

आमच्या भागानं अचानक झालेले मृत्यू पाहिलेले आहेत. 17 जानेवारी 1956 ला सीमाप्रश्नावरून बेळगावात गोळीबार झाला. 1 जून 1986 ला कन्नडसक्तीच्या आंदोलनात आमच्या खेड्यांतली माणसं गोळीला बळी पडली. हिंडलग्याला हुतात्मा स्मारक आहे, दर 1 जूनला आपण जातो. जुलै 2014 मध्ये येळ्ळूरला 'महाराष्ट्र राज्य' लिहिलेला फलक काढल्यावर पोलीस घरात घुसून मारत होते, ते टीव्हीवर सगळ्यांनी पाहिलं.

मी त्या वेळी येळ्ळूरच्या पाहुण्यांकडे गेलो होतो. घराघरात माणसं जायबंदी, पण दारं उघडी होती. एकाच्या घरचा डबा दुसऱ्याच्या दवाखान्यात जात होता. दुखणं सगळ्यांचं एक होतं आणि मारणारा बाहेरचा होता. गाव रडलं ते एकत्र रडलं. 1986 च्या हुतात्म्यांच्या घरच्यांना आजही व्यासपीठावर बसवतात, हार घालतात. त्यानं माणूस परत येत नाही, पण त्या घराला वर्षातून एकदा तरी कळतं की गाव विसरलं नाही.

भाऊबंदकीतल्या खुनात हे काहीच नसतं. मेलेल्याचं स्मारक नाही, त्याचं नाव घ्यायची सोय नाही, कारण नाव घेतलं की मारणाऱ्याचंही नाव येतं. शिवारवाट, तुमच्या थोरल्यांचं 'विषय काढायचा नाही' हे तिथून येतं. त्यांना दुष्टपणा करायचा नाही, त्यांना भीती आहे. पण त्यात तो पखवाजवाला दुसऱ्यांदा जातो. भजनी मंडळानं त्याच्या वर्षश्राद्धाला एक रात्र भजन करावं. कुणाच्या विरोधात नाही, त्याच्यासाठी. एवढं तर करता येईल?

शिवारवाट

@जुना तालीमवाला मामा, हे कुणाच्याच डोक्यात आलं नव्हतं. पखवाज अजून देवळातच खुंटीला आहे, कुणी हात लावत नाही.

उद्यमबागी

माहेरवाशीण ताई, तुमचं वाचलं. आईच्या ओसरीवर कुणी गेलं नाही हे वाईटच. पण मला सांगा, पैऱ्याला आलेली वीस-पंचवीस माणसं तिथं उभी होती. एकानंही हात धरला नाही? गावाचा गुन्हा काहीच नाही?

कोर्टकचेरी

मी बेळगावात वकिली करते. उद्यमबागी, तुमचा प्रश्न रास्त आहे आणि तो न्यायालयालाही पडलेला आहे. डिसेंबर 2023 मध्ये आपल्याच तालुक्यात वंटमुरीला मुलगा पळून गेला म्हणून त्याच्या आईला घरातून ओढून, विवस्त्र करून खांबाला बांधून मारलं होतं. कर्नाटक उच्च न्यायालयानं स्वतःहून दखल घेतली आणि बघत उभ्या राहिलेल्या लोकांबद्दल अत्यंत कडक शब्दांत विचारणा केली. तिथं मारहाण बराच वेळ चालली होती, थांबवायला वेळ होता. मळणीच्या खळ्यावर एका क्षणात कोयता चालला, ती गोष्ट वेगळी. दोन्हीला एकच माप लावू नका. तिथं उभी असलेली माणसं आज रात्री झोपत असतील का, हा विचार करा.

दुसरं, बहिष्काराबद्दल. पलीकडे महाराष्ट्रात 2016 चा सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा आहे, गावानं एखाद्या घराला वाळीत टाकणं तिथं गुन्हा आहे. आपण कर्नाटकात आहोत, पण आरोपीची बायको आणि नातू यांनी कोयता चालवलेला नाही एवढं समजायला कायदा लागू नये.

आता कामाचं.

पंचांना सांगा, खून मिटवता येत नाही. 1 जुलै 2024 पासून भारतीय न्याय संहिता लागू आहे, त्यात कलम 103, पूर्वीचं 302. हा गुन्हा तडजोडीचा नाही. देवळात बसून दोन्ही घरांनी हातात हात दिले तरी खटला चालणारच. मग होतं काय, मिटवलं म्हणून साक्षीदारांवर फिरण्याचा दबाव येतो. ते फिरले की मेलेल्याच्या घराला वाटतं गावानंच फसवलं. ही जखम पहिल्या जखमेपेक्षा जास्त दिवस राहते. मी अशी गावं पाहिलीत.

साक्षीदारांसाठी: आपल्याकडे जबाब कन्नडमध्ये लिहिला जातो आणि आपल्या जुन्या माणसांना तो वाचता येत नाही. पोलिसांनी तपासात घेतलेल्या जबाबावर साक्षीदाराची सही घ्यायची नसते, तसा कायदाच आहे. न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर दिलेला जबाब वेगळा, त्यावर सही असते. तो वाचून, समजून मगच सही करावी. फिर्याद ज्यानं दिली त्याला ती वाचून दाखवली पाहिजे आणि एक प्रत फुकट मिळाली पाहिजे. न कळणाऱ्या भाषेतला कागद मराठीत समजावून मागायला लाजू नका.

मेलेल्याच्या बायकोसाठी: राज्याची पीडित भरपाई योजना 2011 पासून आहे. जिल्हा कायदा सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करायचा, ऑफिस बेळगावच्या कोर्टाच्या आवारात. निकालाची वाट बघायची गरज नाही. तिला वकील करायचा असेल तर तोही तिथून मोफत मिळतो, बायकांना त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. हा अर्ज कुणी भरून दिला का, तेवढं विचारा.

शिवारवाट

नाही भरला. वकीलताई, अशी योजना असते हेच माहीत नव्हतं.

मलप्रभाकाठ

आमच्याकडंही कुणाला माहीत नसणार. गावात प्रेत आलं की पन्नास गाड्या येतात, रक्षाविसर्जनाला शंभर माणसं येतात, बारावा झाला की कागद घेऊन कोर्टात जायला एक माणूस मिळत नाही.

बिदरकडचा

भालकी तालुक्यातून लिहितोय. आमच्याकडं पण मराठी घरं, पण पद्धती वेगळ्या. हे 'लक्ष्मी यात्रा' म्हणजे नेमकं काय? दरवर्षीची नसते का?

निपाणीकर

बिदरकडचे भाऊ, आमच्या बेळगाव-खानापूर पट्ट्यातली यात्रा एकदा आली की पुढची कधी येईल ते म्हातारी माणसं सांगतात. दहा-बारा वर्षांनी, कुठं कुठं पंचवीस-तीस वर्षांनी सुद्धा. देवीचं लग्न लागतं, अख्खं गाव अक्षता टाकायला. मग रथातून गावभर, मग गदगेवर, म्हणजे यात्रेपुरत्या मांडलेल्या जागेवर, बसते, शेवटच्या दिवशी सीमेकडे जाते. घरं रंगवून निघतात, लेकी झाडून सगळ्या माहेरी येतात, आणि पाहुणे इतके की घरमालकाला स्वतःच्या घरात बसायला जागा मिळत नाही.

मलप्रभाकाठ

जागेचं राहू द्या, मटणाचं बोला. गेल्या यात्रेत आमच्या घरी एक पाहुणे दोन दिवस राहून, पोटभर जेवून गेले. नंतर कळलं ते शेजारच्या घरचे पाहुणे होते. शेजारी त्यांची वाट बघत बसलेले!

माहेरवाशीण

😄 आमच्याकडे असे पाहुणे आले तर आई त्यांना पुढच्या यात्रेचं पण आवतण देते.

बिदरकडचा

आता कळलं. म्हणजे ही यात्रा चुकली तर त्या म्हाताऱ्या आईला पुढची बघायला मिळेल की नाही सांगता येत नाही. तुमच्या पंचांची घाई पण समजली.

धारवाडी डॉक्टर

मूळ बेळगावचा, नोकरी धारवाडला, मानसिक आरोग्य विभागात. उशिरा वाचलं.

असा प्रसंग डोळ्यांसमोर घडला की पहिल्या काही आठवड्यांत झोप उडणं, दचकणं, तोच देखावा पुन्हा पुन्हा दिसणं, त्या जागेवर जायला पाय न उचलणं हे बहुतेकांना होतं. तो आजार नाही. बहुतेकांचं हळूहळू आपोआप कमी होतं, आजूबाजूला माणसं असली तर लवकर. महिना उलटून गेल्यावरही तसंच राहिलं, किंवा दारू वाढली, किंवा माणूस घराबाहेर पडेना, तर दाखवावं.

शिवारवाट, तुमच्या पहिल्या दोन पोस्ट मी पुन्हा वाचल्या. माळ्यावर बसून राहणारा आरोपीचा धाकटा मुलगा, मला त्याची काळजी जास्त वाटते. मेलेल्याच्या घराबद्दल गावाला निदान हळहळ आहे. या पोराला रडायची पण मुभा नाही. बाप जिवंत आहे, पण बापाबद्दल काही बोलता येत नाही, भाऊ जेलमध्ये, चुलतभाऊ मेलेला, आणि तो चुलतभाऊ याच्याबरोबरच वाढलेला असणार. अशा पोरांना एकटं सोडू नये. जीव द्यायचा विचार येतो का, हे त्याला थेट विचारायला घाबरू नका. विचारल्यानं असा विचार मनात घुसत नाही, उलट तो बोलतो.

टेली-मानस म्हणून सरकारी मोफत सेवा आहे, 14416. ऑक्टोबर 2022 पासून सुरू आहे, चोवीस तास. मराठीतही बोलता येतं. धारवाडला डिमहान्स या सरकारी मानसिक आरोग्य संस्थेत ओपीडी आहे. खेड्यातली माणसं 'वेड्यांचा दवाखाना' म्हणून येत नाहीत, त्यांना सोबत कुणी आलं की येतात.

आणि एक गोष्ट. सगळ्यांना एकत्र बसवून 'त्या दिवशी काय पाहिलं ते सांगा' असं करू नका. पूर्वी आपत्तीनंतर असं करायची पद्धत होती, तिचा उपयोग होत नाही, काहींना त्रास वाढतो असं दिसलं म्हणून जागतिक आरोग्य संघटनेनं त्याविरुद्ध सल्ला दिलाय. बोलायचं असेल त्यानं बोलावं, नसेल त्याला भाग पाडू नये. तुमच्या पंचांची देवळातली बैठक मला याच कारणानं धोक्याची वाटते. त्या बाईला शंभर माणसांसमोर 'माफ केलं' म्हणायला लावणं ही तिच्यावर आणखी एक जबरदस्ती.

पोरांचं: दोघांना वेगळं बसवलंय, ते गुरुजींनी चांगल्या मनानं केलं असणार. पण पोरांना विचारलं का? दहा वर्षांच्या पोराला काय घडलं ते माहीत असतं. मोठी माणसं त्याच्यासमोर गप्प होतात तेव्हा त्याला वाटतं आपल्याच्यानं काहीतरी चुकलं. साध्या शब्दांत खरं सांगावं, आणि शाळा, खेळ, जेवणाची वेळ होती तशी ठेवावी.

अनामिका

मी इथं कधी लिहीत नाही. उद्यमबागी यांनी लिहिलेलं वाचल्यापासून चैन पडेना म्हणून लिहिते.

माझ्या वडिलांच्या हातून माणूस गेला. मी तेव्हा आठवीत. गाव, साल काही सांगत नाही. माणूस आमच्याच भावकीतला. त्यानं मला खांद्यावर घेऊन कुस्तीचा आखाडा दाखवलेला आहे.

त्या संध्याकाळी पोलीस वडिलांना घेऊन गेले आणि रात्री आमच्या घरात दिवा लावायला आईचा हात उठेना. शेजारी एक मुस्लिम कुटुंब होतं. त्यांच्या घरातली चाची आली, तिनं चूल पेटवली, भात टाकला आणि निघून गेली. एक शब्द बोलली नाही. दुसऱ्या दिवशी पुन्हा आली. गावातलं दुसरं कुणी आलं नाही.

मला शाळेत कुणी मारलं नाही, शिवी दिली नाही. फक्त मधल्या सुट्टीत डबा उघडला की शेजारची जागा रिकामी व्हायची. मी दहावीनंतर शिकायला बाहेर गेले ती परत राहायला गेले नाही. वडील शिक्षा भोगून आले, आता थकलेत. मी त्यांना भेटते. त्यांनी जे केलं ते चूक होतं हे मी त्यांना तोंडावर सांगितलेलं आहे. तरी ते माझे वडील आहेत, आणि या दोन्ही गोष्टी माझ्यात रोज असतात.

मेलेल्या काकांच्या बायकोला मी एकदाही भेटू शकले नाही. आमच्या आईनं एकदा प्रयत्न केला होता, तर मधल्या माणसांनी अडवलं, 'आता नको, तापलेलं आहे' म्हणून. मग ते 'आता' कधी आलंच नाही. कुणी भेटवावं असं मी म्हणत नाही. पण दोघींपैकी एकीला जावंसं वाटलं आणि दुसरीला चाललं, तर गावानं मधे उभं राहू नये. आणि नाही चाललं तर तेही मानावं.

पट्टी घेऊ नका म्हणता. आमच्या घराची पट्टी गावानं घेतली नव्हती. यात्रेत आई दार लावून आत बसली होती. रथ दारावरून गेला तेव्हा तिनं खिडकीच्या फटीतून हात जोडले. मी तिच्या शेजारी होते. देवीला कुणाची पट्टी चालत नाही हे माणसांनी ठरवायचं का?

उद्यमबागी

अनामिका ताई, मी तुमचं दोनदा वाचलं. माझा सख्खा मावसभाऊ असाच गेलेला आहे, म्हणून मी तसं लिहिलं. माझा राग अजून आहे आणि तो जाईल असं वाटत नाही. पण दार लावून बसलेली बाई माझ्या डोळ्यांपुढं नव्हती. पट्टीबद्दल मी जे म्हटलं ते मागं घेतो. साक्षीदारांनी फिरू नये हे मात्र मी म्हणणारच.

कोर्टकचेरी

ते तर म्हणायलाच पाहिजे, उद्यमबागी. गावानं आरोपीच्या बायकोला पाण्याला येऊ देणं आणि साक्षीदारानं कोर्टात खरं सांगणं, या दोन्ही गोष्टी एकाच वेळी होऊ शकतात. ज्यांना धाक वाटत असेल त्यांच्यासाठी 2018 ची साक्षीदार संरक्षण योजना आहे. सर्वोच्च न्यायालयानं तिला मान्यता दिलेली आहे. जिल्हा पातळीवर अर्ज करता येतो.

माहेरवाशीण

अनामिका, तुझ्या त्या चाचीला आणि माझ्या काकूला एकत्र बसवायला पाहिजे गं.

मोजणीवाला

सगळं वाचलं. आता थोडं कोरडं बोलतो, पण माझ्या मते मूळ इथं आहे.

शिवारवाट, त्या जमिनीच्या उताऱ्यावर कुणाचं नाव आहे? पैज लावून सांगतो, दोघांच्या आजा-पणजाचं. मी सर्व्हेच्या कामात आयुष्य घालवलंय. आपल्या भागात वाटणी तोंडी होते. 'हे झाड ते नाला तुझं, पलीकडचं माझं.' दोन पिढ्या चालतं. मग झाड पडतं, नाला सरकतो, जमिनीचा भाव वाढतो, आणि बांध दरवर्षी नांगराच्या एका ओळीनं इकडं नाहीतर तिकडं जातो. भूमी योजनेत उतारे कॉम्प्युटरवर आले, पण मेलेल्या माणसांची नावं तशीच राहिली.

करायचं काय तर आधी पौती खातं, म्हणजे मयताच्या जागी वारसांची नावं. नंतर मोजणी करून 11ई नकाशा, म्हणजे कुणाचा हिस्सा कुठं ते दाखवणारा सर्व्हे खात्याचा नकाशा. तो जोडून वाटणीपत्र नोंदवायचं आणि मग पोडी. पोडी झाली की प्रत्येकाचा हिस्सा वेगळा, दगड रोवलेला. खर्च आहे, हेलपाटे आहेत, भावकीतल्या सगळ्यांच्या सह्या लागतात आणि तिथंच अडतं. पण तुमच्या गावात अशी किती घरं असतील ज्यांच्यात हाच वाद आज बोलाचालीवर आहे? मेलेल्या पोराच्या नावानं काही करायचंच असेल तर गावानं हे करावं.

जुना तालीमवाला

मोजणीवाले साहेब, हे कोरडं नाही. आमच्याच घरात तीन भावांत तोंडी वाटणी आहे. उद्याच थोरल्याशी बोलतो.

मलप्रभाकाठ

आमच्याकडं काजूच्या बागेचं तसंच. आज्याच्या नावावर. नातवंडं पंधरा.

शिवारवाट

सगळ्यांचे आभार मानायचे तर शब्द पुरत नाहीत, म्हणून काय घडलं ते सांगतो.

परवा पंचांची बैठक झाली. मी वकीलताईंचं आणि डॉक्टरसाहेबांचं सगळं मांडलं. देवळात दोन्ही घरं बसवायचं रद्द झालं. एक पंच नाराज झाले, म्हणाले मोबाइलवरच्या लोकांनी आमचं गाव चालवायचं का. मी म्हटलं, त्यांच्यातली निम्मी आपल्यासारख्याच गावातली आहेत.

यात्रा ठरल्या वेळी होणार. पट्टी सगळ्या घरांकडून घ्यायची, दोन्ही घरांकडूनही, आणि जो नेहमी जातो तोच माणूस मागायला जाणार. मेलेल्याच्या आईनं बैठकीत निरोप पाठवला होता की यात्रा थांबवू नका, पण माझ्या दारासमोर रथ थांबला की ढोल वाजवू नका. ते मान्य झालं. आरोपीच्या घराबद्दल तिनं काही म्हटलं नाही, आणि कुणी विचारलंही नाही.

वर्षश्राद्धाच्या भजनावर मात्र एकमत झालं नाही. दोन-तीन जणांचं म्हणणं, त्यानं पुन्हा तेढ होईल. भजनी मंडळाची आम्ही काही पोरं करणार आहोत. त्याच्या बायकोला विचारलं, ती हो म्हणाली. पखवाज कोण वाजवणार ते ठरलेलं नाही.

माळ्यावरच्या पोराकडे मी गेलो होतो. पहिल्यांदा खाली आला नाही. दुसऱ्यांदा आला, माझ्याबरोबर डेअरीपर्यंत चालला. 14416 त्याच्या मोबाइलमध्ये भरून दिलाय. पुढच्या आठवड्यात त्याला घेऊन धारवाडला येईन म्हणतो, डॉक्टरसाहेब, कुठल्या दिवशी यावं?

पोरांचं गुरुजींशी बोललो. त्यांनी दोघांनाच विचारलं. मेलेल्याचा मुलगा नको म्हणाला. म्हणून सध्या तसंच.

धारवाडी डॉक्टर

नको म्हणाला तर नकोच. विचारलं हे महत्त्वाचं. ओपीडीचा दिवस तुम्हाला खाजगी निरोपात कळवतो. सकाळी लवकर निघा, आणि त्याचं आधार कार्ड बरोबर घ्या.

कोर्टकचेरी

भरपाईचा अर्ज?

शिवारवाट

परवा तिला घेऊन येतो. मोजणीवाले साहेब, पौती खात्याचं सुद्धा तिचंच आधी करावं म्हणतो. नवऱ्याच्या वाट्याला काय होतं हे तिला दाखवायला एक कागद नाही. काय काय घेऊन कुठं जायचं?

मोजणीवाला

नाडकचेरीत, म्हणजे तहसीलदारांच्या हाताखालच्या महसूल ऑफिसात. मयताचा दाखला, वंशावळ, आधार आणि चालू उतारा. वंशावळीत आजोबांपासून सगळी नावं घाला, लग्न झालेल्या लेकींची पण, नाहीतर परत पाठवतात. आजोबांचा मृत्यूचा दाखला नसणार, जुन्या लोकांचा नसतोच. त्याची सोय होते, पण वेळ लागतो, म्हणून तो अर्ज पहिला टाका.